डेस्कटॉपवरची माणसं रोज जागा सोडायची

सोमवारी शाळेत शिकवून घरी आले, कॉम्प्युटर सुरू केला आणि गोंधळलेच... डेस्कटॉपवरचे सगळे आयकॉन स्क्रीनभर सांडलेले! दोन वर, तीन खाली, एक पार कोपऱ्यात. सकाळीच मी सगळे नावाप्रमाणे सॉर्ट करून, सरळ ओळीत लावून गेले होते.

वाटलं, लोडशेडिंगचा प्रताप असेल. आमच्या अमरावतीत दुपारी लाइट जाते आणि मशीन धाडकन बंद पडतं... पुन्हा ओळीत लावले आणि स्वयंपाकाला लागले. मंगळवारी परत तेच.

आमचे हे म्हणाले, व्हायरस आहे. अँटिव्हायरस चालवला, त्याला काही सापडलं नाही. मग हे माझ्याकडेच संशयानं बघायला लागले... जशी काही मलाच हौस!

खरं तर डोक्याला दुसराच घोर होता. माझ्या सासूबाई, म्हणजे आमच्या आई, नांदगाव खंडेश्वरजवळच्या गावाहून महिन्याभरापूर्वीच आमच्याकडे राहायला आल्या होत्या. कपाशीनं लागोपाठ दगा दिला, धाकटे दीर कामासाठी पुण्याला गेले, वावर बटईनं दुसऱ्याला कसायला दिलं आणि गावच्या घराला कुलूप लागलं. आईंना तिथं एकटं कसं ठेवायचं?

पण त्यांचं इथं मनच लागेना. जेवण चिमणीएवढं, आणि रोज एकच धोशा... "मले गावी नेऊन सोडा." जबरदस्तीनं ठेवून घ्यावं की नेऊन सोडावं, काही कळत नव्हतं.

त्यांना करमावं म्हणून मी गावातल्या शेजाऱ्यापाजाऱ्यांचे फोटो डेस्कटॉपवर टाकून दिले होते. निघताना मीच काढले होते ते, आईंचाही एक. मोठे मोठे आयकॉन, प्रत्येकात एक चेहरा. माउस कसा धरायचा तेही शिकवलं. दुपारी त्या फोटो बघत बसतात, एवढंच मला माहीत.

आयकॉन काही ऐकेनात, तेव्हा शेवटी रिपेअरवाल्या दादांना बोलावलं. त्यांनी मान हलवत इकडेतिकडे क्लिक केलं आणि म्हणाले, "मॅडम, ऑटो अरेंज करून देल्लं. आता याचा बाप बी हालत नाई."

आणि खरंच... दुसऱ्या दिवशी शाळेतून आले तर सगळे आयकॉन शिस्तीत! मी खूश. मागे वळून बघते तर आई पिशवी भरून मधल्या दारात बसलेल्या. ताट झाकलेलं तसंच.

"बसचा टाइम सांग मले," म्हणाल्या.

मला काही समजेना. ह्यांच्याशी वाजलं का? शेजारचं कुणी काही बोललं का?  त्यांनी कॉम्प्युटरकडे बोट दाखवलं.

"त्याच्यात मी रोज लोकाइले ज्याच्या त्याच्या घरी बसवून ठेवते. अन् कोणी तरी येऊन सबन गावाले राशनच्या दुकानासारखं रांगेत उभं करते! आज तं कोणी जागचं हालूनच नाई राहिलं. धरून नेलं का वापस पळते."

 म्हणजे रोज गाव वसवणाऱ्या त्या, आणि रोज मोडणारी मी... एकाच घरात दोघी एकमेकींच्या भुताला घाबरत होतो!

"अन् गणपत अन् गजानन शेजारी कावून बसवले वं? वावराच्या धुऱ्याच्या भांडणावरून त्या भावाभावाचं बोलणं बंद आहे, मालूम नाई का तुले?"

आता नावाप्रमाणे सॉर्ट केलं की ते दोघं शेजारीच येणार... पण हे आईंना काय सांगू?

ऑटो अरेंज बंद केलं आणि माउस त्यांच्या हातात दिला. हळूहळू गाव वसलं. वर, गावातला कडुलिंब आहे त्या जागी गादीवाले रहीमभाई, त्यांच्या समोर तुळसाकाकू, गणपत या टोकाला आणि गजानन त्या टोकाला. माझ्या प्रश्नपत्रिकांच्या फायली त्यांनी बाहेरच्या अंगाला पसरल्या.

"हे वावरं," म्हणाल्या. "पांढरी दिसते ना, कापूस फुटल्यावानी." रिसायकल बिन सगळ्यांपासून लांब नेऊन ठेवला, कारण उकिरडा गावाबाहेरच पाहिजे.

मधे एक जागा मोकळीच राहिली. मी विचारलं, इथं कोण?

"आपलं घर. कुलूप हाय त्याले."

मग खाली, घड्याळाच्या कोपऱ्यात, त्यांनी स्वतःचा फोटो नेऊन ठेवला. "अन् हे मी. अमरावतीत."

त्या फोटोच्या आजूबाजूला कुणीच नव्हतं. मला फार वाईट वाटलं. दोन वेळचं ताट वाढतोय, कूलर त्यांच्याकडे वळवतोय, आणखी काय करायचं, असंच मी महिनाभर म्हणत होते...

मी आमच्या दोघांचे फोटो शोधले आणि त्यांच्या फोटोला अगदी खेटून ठेवले. त्यांनी चष्मा सारखा करून नीट पाहिलं. मग मला जरासं वर सरकवलं, ह्यांना जरासं बाजूला.

"एवढं खेटून नाई राहा लागत, पोरी. मधात अंगण पाहिजे ना."

पिशवी त्यांनी स्वतःच उचलून आत नेली.

गावाची ओढ सुटलेली नाही, आणि सुटावी असं मलाही वाटत नाही. हल्ली दोन-चार दिवसांसाठी जाऊन येऊ म्हणतात, आणि सोबत कोण कोण येणार ते विचारतात. रिपेअरवाल्या दादांचे मात्र मनापासून आभार... त्यांनी इतकं पक्कं काम केलं नसतं, तर मी आजही व्हायरसच शोधत बसले असते. माझ्या मैत्रिणी घरी आल्या की म्हणतात, अगं, स्क्रीनवर किती पसारा हा, थांब, नीट लावून देते. मी कुणाला माउसला हात लावू देत नाही.