वेगाचा आळ

मी लोकांना गाडी चालवायला शिकवतो. आमच्या ड्रायव्हिंग स्कूलच्या गाडीवर मागे ‘शिकाऊ चालक’ लिहिलंय. रस्त्यावरच्यांना वाटतं, ते माझ्याबद्दलच आहे. सहकारी मला ‘सेकंड गियर’ म्हणतात. थर्ड टाकायची वेळ येईपर्यंत माझा तास संपतो.

मेहुणीने मला तिच्या ऑनलाइन रेसिंगच्या टीममध्ये घेतलं, तेही एक माणूस कमी पडत होता म्हणून. पडद्यावरच्या मोकळ्या रस्त्यावरही मी वळणाआधी इंडिकेटर शोधायचो. शेवटचा नंबर माझा ठरलेला.

एका रविवारी दुपारी मात्र माझी गाडी मध्येच थिजली आणि पापणी लवते न लवते तोच सगळ्यांच्या पुढे जाऊन पडली. पुढच्या शर्यतीतही तेच. मी जिंकलो. वाटलं, बसला एकदाचा हात. बायकोला हाक मारली. ती मायक्रोवेव्हमध्ये सूप गरम करत होती. तिथूनच ‘बरं’ म्हणाली.

संध्याकाळी हरलेल्यांनी तक्रार केली की हा गडी वेग वाढवायचं चोरटं सॉफ्टवेअर वापरतो. माझं खातं बंद झालं. लगेच मेहुणीचा फोन.

“भावजी, खरं सांगा, कुठून काही डाउनलोड केलंत का?”

लाज वाटायला हवी होती. पण माझ्यावर घाईचा आळ आयुष्यात पहिल्यांदाच येत होता, छाती फुगली. मी मोघम बोललो. दुसऱ्या दिवशी कामावर सांगत सुटलो की मला वेगापायी काढून टाकलंय. स्कूलच्या मालकीणबाईंनी दचकून आधी बाहेर जाऊन गाडी तपासली.

पण माझ्यापायी अख्खी टीम बाद होणार होती. मेहुणी घरी आली आणि तिने कारण शोधलं: मायक्रोवेव्ह लावला की आमचं इंटरनेट अडतं, खेळ गोंधळतो आणि अडकलेली गाडी एकदम पुढे फेकतो. म्हणजे जिंकलं होतं सूप. तिने ते खेळाच्या कंपनीला कळवलं आणि पुराव्यादाखल माझ्या जुन्या शर्यतींचे व्हिडिओही पाठवले.

उत्तर बायकोने मोठ्यांदा वाचलं. ‘या खेळाडूच्या चालवण्यात वेगाचा कोणताही पुरावा आढळला नाही.’

“मला विचारलं असतं तर मीच लिहून दिलं असतं,” ती म्हणाली.

टीम वाचली. राउटर स्वयंपाकघरापासून लांब गेला. त्यानंतरच्या पहिल्याच शर्यतीत मी शेवटून दुसरा आलो. शेवटच्याच्या घरची वीज गेली होती.