आवाज नसलेलं हसू

औरंगपुऱ्यातला बन्सी टेलर विनोद सांगायचा आणि शेवट यायच्या आतच स्वतः खदखदून हसायचा. गिऱ्हाइकं विनोदापेक्षा त्याच्या हसण्यालाच हसायची. मग घशाचा कॅन्सर झाला. ऑपरेशनमध्ये स्वरयंत्र काढावं लागलं आणि आवाज कायमचा गेला.

घरी आल्यावर एका दुपारी त्यानं लेकीला, मंजुषाला, हातवारे करून डॉक्टरांची नक्कल दाखवली. तिला काही उमगलं नाही. त्याला मात्र हसू आवरेना. खांदे गदगदले, डोळ्यांतून पाणी आलं, आवाज नाही.

"आबा, रडू नका. मी हाय ना इथं," म्हणत मंजुषा त्याला बिलगली.

तो मान हलवून नाही-नाही म्हणत राहिला. तिनं आणखीच घट्ट धरलं. शेवटी तो तिच्या खांद्यावर डोकं टेकून खरोखरच रडला.