मैत्रिणीची गाठ

आम्हा तिघींना कॅन्सर होऊन गेला आणि आता आम्ही गावभर तेच सांगत फिरतो. बायकांनी छातीतली गाठ वेळेवर दाखवावी, एवढाच हेतू. पण तीन वर्षांत भाषणं राहिली बाजूला, किस्सेच जास्त साठले. त्यातले निम्मे कुसुमताईंचे. नारायण पेठेतल्या निवृत्त शिक्षिका, बोलणं मोजूनमापून. तिसरी शुभांगी, नोकरीसाठी यवतमाळहून आलेली, आयटीवाली.

*

पाडव्याच्या आठवड्यात ओळखीच्या दुकानात आम्ही बोर्ड लावला, 'गाठ आहे? लगेच विचारा.' लोकांनी विचारलं की! सगळ्यांना गुढीला घालायच्या साखरेच्या गाठी हव्या होत्या. संध्याकाळी कुसुमताईंनी खाली खडूने लिहिलं, 'साखरेची नव्हे.'

*

शुभांगीच्या कंपनीत कार्यक्रम होता. एचआरच्या मॅडम हळूच म्हणाल्या, "प्लीज, थोडं पॉझिटिव्ह ठेवा हं."

कुसुमताई म्हणाल्या, "रिपोर्ट पॉझिटिव्ह आला म्हणूनच आलोय."

*

विश्रांतवाडीत एका बाईंनी शुभांगीच्या केसांना हात लावून विचारलं, विग कुठून घेतला? केस तिचेच होते, नुकते कुठे परत आलेले. मला वाटलं, पोरगी आता रडणार. ती म्हणाली, "घरीच बनवला जी. वर्ष लागलं."

परत येताना रिक्षात आम्ही पोट धरून हसलो. खरं सांगते, मला तिचा फार अभिमान वाटला.

*

एक गोष्ट मात्र खुपायची. प्रश्न विचारायला बायका यायच्या, पण 'मला' असं कोणीच म्हणायचं नाही. गाठ नेहमी मैत्रिणीला. ती मैत्रीण पुढे डॉक्टरकडे गेली की नाही, आम्हाला कधीच कळायचं नाही आणि जीव टांगणीला लागायचा. कुसुमताई म्हणायच्या, "पुण्यात इतक्या मैत्रिणी आजारी, आणि एकीलाही स्वतः यायला वेळ नाही."

*

गेल्या संक्रांतीला धायरीत एका घरी हळदीकुंकवाला बोललो. कुसुमताईंनी नेहमीचंच सांगितलं, गाठ लागली आणि मी लगेच दाखवली. वाण घेऊन बायका गप्पांत रमल्या. तिळगूळ वाटणारी त्या घरची सून तेवढी आमच्यापाशी रेंगाळली.

"मैत्रिणीला गाठ हाय," ती म्हणाली. "सहा महिनं झालं. दुखत न्हाय, म्हणून गप बसलीय."

कुसुमताईंनी पर्स उगाच उघडली, मिटली.

"मगाशी मी खोटं बोलले," त्या म्हणाल्या. "मी आठ महिने लपवली होती. मीसुद्धा मैत्रिणीचंच नाव सांगत होते."

हे आम्हालाही ठाऊक नव्हतं.

"मैत्रिणीला म्हणावं, चप्पल घाल," कुसुमताई म्हणाल्या. "मी येते बरोबर."

सुनेने तिळगुळाचा डबा सासूच्या हातात दिला. मग ती दाराशी गेली आणि ढिगातून स्वतःच्या चपला शोधायला लागली.