चेहऱ्यासाठी मोजलेला उजेड

जठारपेठेतल्या फोटो स्टुडिओत माझं काम एकच होतं. निगेटिव्हवरच्या चेहऱ्यांवर टोकदार पेन्सिल फिरवायची. तिथे पेन्सिल जितकी गडद, तितका कागदावर चेहरा उजळ. साठ सालानंतरची तीन-चार वर्षं मी अख्खं अकोला गोरं करत बसलो आणि त्याचा मला संताप यायचा. मालक म्हणायचा, काळा फोटो कोणी घरी नेत नाही.

एका दुपारी शाळेच्या हॉलात काळे पडदे लावून इजिप्तमधल्या कापूसवेचणीचा माहितीपट दाखवला. दाखवणाऱ्यानं सुरुवातीला एवढंच सांगितलं की कॅमेरा चालवणारा पोरगा नवखा आहे, हे त्याचं पहिलंच काम. त्या नवख्यानं कॅमेरा कपाशीच्या पऱ्हाटीच्या उंचीवर, वेचणाऱ्या बायकांच्या कमरेशी ठेवला होता. भर ऊन, पावडर नाही, आडोसा नाही. उजेड त्यानं चेहऱ्यासाठी मोजला होता. त्यामुळे काळ्या चेहऱ्यावरची एकेक सुरकुती दिसत होती आणि कापूस मात्र नुसता पांढराफटक झाला होता. एका बाईच्या हातांवर तो इतका वेळ थांबला की तिच्या नखांतली माती मला दिसली.

माझ्या शेजारी कापसाचे व्यापारी बसले होते. "अरे, कापूस तं दिसूनच नाही राहिला," त्यांतला एक म्हणाला आणि अख्खा हॉल हसला. धाग्याची लांबी बघायला आले होते ते. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. बायका दिसत होत्या, त्यांचं काय?

पुढच्या रविवारी मालकाचा कॅमेरा मागून घेतला आणि अंजनगाव सुर्जीजवळच्या आमच्या गावी गेलो. आई मजुरीनं कापूस वेचत होती. तिचा तोवर एकही फोटो नव्हता. मी वाकून कॅमेरा तिच्या कमरेशी आणला, उजेड तिच्या चेहऱ्यासाठी मोजला. पेन्सिल लावलीच नाही. आयुष्यात तेवढा एक फोटो मी खरा काढला.

पुढच्या खेपेला गावी नेला तेव्हा आईनं तो हातात धरून पुष्कळ वेळ पाहिला.

"वकिलाच्या बायकोले गोरी करतं तू," ती म्हणाली, "मंग मलेच कावून काळी ठेवलं?"

मी तिला त्या इजिप्तच्या पोराचं सांगायला लागलो. तिनं ऐकून घेतलं आणि फोटो पालथा ठेवला. दुसऱ्या दिवशी स्टुडिओत दातओठ खात मी तिच्या निगेटिव्हवर पेन्सिल फिरवली.

आता आई नाही. भिंतीवर बुद्धाच्या तसबिरीशेजारी एक गोरी बाई आहे. पाहुणे तिचं कौतुक करतात आणि मला त्यांना घराबाहेर काढावंसं वाटतं. निगेटिव्ह माझ्यापाशीच आहे. टर्पेंटाइनमध्ये बुडवलेला कापसाचा बोळा फिरवला की पेन्सिल निघून जाते. कितीदा तो बोळा हातात घेतला. दरवेळी तिनं पालथा ठेवलेला फोटो आठवतो आणि मी चरफडत बोळा खाली ठेवतो.