टाचणीवरच्या निऱ्या

अख्ख्या न्यू जर्सीत व्हूडू या धर्माची बाजू घेऊन सर्वांत जास्त भांडणारा माणूस हैतीचा नाही, आफ्रिकेचाही नाही. तो कराडचा आहे, पुलांची डिझाइनं करून रिटायर झालेला आहे, आणि पिस्कॅटवेत आमच्या भिंतीला भिंत लावून राहतो. आमच्या टाउनहाउसच्या ओळीत त्यांना सगळेच 'शेजारचे काका' म्हणतात, अगदी पलीकडच्या टोकाला राहणारेसुद्धा. काकांनी सत्तरी ओलांडली आहे, गुडघे कुरकुरतात, कानातलं मशीन बहुतेक वेळा शर्टाच्या खिशात असतं. पण तीन घरांपलीकडे कुणी 'व्हूडू' म्हटलं, तर ते त्यांना मशीनशिवाय ऐकू येतं.

मागे आमच्याकडे सत्यनारायण होता. ऑफिसातला एक मित्र कुणाला तरी सहज म्हणाला, "आमच्या सर्व्हरवर कुणीतरी व्हूडू केलंय यार, रोज क्रॅश होतोय." काकांनी हातातले आरतीचे टाळ खाली ठेवले. "केलंय म्हणजे? व्हूडू म्हणजे काय मूठ मारणं वाटलं का तुम्हाला? धर्म आहे तो. लोक जन्मतात त्यात, लग्नं करतात, मरतात." मित्र बिचारा हसून बाजूला सरकला, तर काकाही त्याच्याबरोबर सरकले. गुरुजी पेटलेलं निरांजन हातात धरून उभे होते आणि त्यांना पुढची पूजा एडिसनला होती. शेवटी माझ्या बायकोनं जोरात 'सुखकर्ता' सुरू केलं, तेव्हा काका थांबले, आणि आरती संपल्यावर जिथे सोडलं होतं तिथूनच पुन्हा सुरू झाले.

त्यांचं म्हणणं खोटं नसायचं, हे कबूल करायला हवं. पश्चिम आफ्रिकेतल्या लोकांना गुलाम करून जहाजांत कोंबलं, हैतीतल्या उसाच्या मळ्यांवर आणलं आणि जबरदस्तीनं बाटवलं. त्यांनी मालकाला दाखवायला भिंतीवर ख्रिस्ती संतांच्या तसबिरी लावल्या आणि मनात आपल्याच देवांना हात जोडले. हे सांगताना काकांचा आवाज चढायचा. "अगदी आपल्यासारखं रे! परमेश्वर एक, तो वर, लांब. पण पोराला ताप आला की आपण त्याला उठवतो का? गावदेवीकडे जातो. तसे ह्यांचे ल्वा. त्यांच्यात लेग्बा म्हणून एक म्हातारा, काठी टेकत येतो. त्यानं दार उघडल्याशिवाय बाकीचे देव आत येत नाहीत. कोण आठवलं?" मी गणपती म्हणायचो. "आणि ज्याच्या अंगात येतं त्याला आपण झाड म्हणतो, ते घोडा म्हणतात. झाडापेक्षा घोडा बरा की नाही?" एका वर्षी मंडळाच्या गणपतीत त्यांनी यावर भाषण ठेवायला लावलं. कमिटीनं हुशारी करून जेवणाआधीची वीस मिनिटं दिली. लोक मसालेभाताच्या रांगेत उभे राहून एकमेकांच्या ग्रीनकार्डाची चौकशी करत राहिले. ऐकलं मी एकट्यानं, कारण त्यांना परत ड्राइव्ह करून आणायचं होतं.

ऑक्टोबर आला की मात्र काकांना आवरणं कठीण. हॅलोविनचं सामान विकणारं दुकान लागलं की ते आत शिरतात आणि टाचण्यांसकट पॅक केलेल्या 'व्हूडू डॉल'ची सगळी पाकिटं उचलून काउंटरवर नेतात. "ह्यांच्या धर्मात ही बाहुली नाही," असं तिथल्या कॉलेजातल्या मुलीला इंग्रजीत समजावतात. "टाचण्या टोचायची बाहुली युरोपातली जुनी. सिनेमावाल्यांनी ती ह्यांच्या गळ्यात मारली. तुमच्या चर्चमधल्या मूर्तीबरोबर टाचण्या विकाल का?" मुलगी शांतपणे ऐकून घेते आणि विचारते, "सर, डू यू नीड अ बॅग?"

आता यातली गंमत अशी, की अमेरिकेत ज्या घरात टाचण्या टोचलेल्या सर्वांत जास्त बाहुल्या असतील, ते घर काकांचंच आहे. वीतभर उंचीच्या, चिंध्यांच्या, नऊवारी नेसलेल्या. सोफ्यावर, मायक्रोवेव्हवर, खिडकीत ओळीनं. कुणाची मान तिरकी, कुणाचा एक हात लांब, आणि प्रत्येकीच्या पोटात सात टाचण्या. पूल बांधलेल्या माणसाला बाहुली उभी करता येत नाही, हे त्या बाहुल्या बघितल्यावर कळतं. गेल्या हिवाळ्यात त्यांचा बॉयलर बिघडला. प्लंबर आत गेला, खिडकीकडे बघितलं आणि हत्यारांची पेटी तिथेच टाकून बाहेर आला. दुसऱ्या दिवशी सोबतीला भावाला घेऊन आला आणि काम होईपर्यंत भाऊ दारातच उभा राहिला. काका त्यालाही लेग्बाबद्दल सांगत होते. माझी बारा वर्षांची मुलगी एकदा त्या खिडकीकडे बघून म्हणाली, "बाबा, इट्स नॉट इव्हन स्केरी. इट्स जस्ट सॅड." मी तिला गाडीत बस म्हणालो.

कारण मला सगळं माहीत आहे. मी तिथे होतो.

पूर्वी काका कशावरच विश्वास ठेवत नसत. कुणाच्या नव्या गाडीला लिंबू-मिरची दिसली, की लिंबू सोडवून घरी नेत आणि सरबत करून त्याच गाडीवाल्याला पाजत. काकू देवापुढे दिवा लावत, तर हे म्हणत, "विजेचं बिल आपण भरतो, ते त्याला कळू दे." मग काकूंना पोटाचा कॅन्सर झाला. औषधं थकली तेव्हा डॉक्टरांनी घरी न्यायला सांगितलं, आणि एका एजन्सीतर्फे त्यांचं सगळं करायला एक बाई यायला लागली. पन्नाशीची, हैतीची. बिल्ल्यावर फक्त 'मारी' लिहिलेलं. काकूंचं इंग्रजी 'थँक यू'पाशी संपायचं. मारी तिच्या हैतीच्या क्रिओल भाषेत बोले, काकू मराठीत, आणि दोघींचं तासन्‌तास जमे. त्या आजारात मी काकूंना हसताना ऐकलं ते फक्त भिंतीपलीकडून, मारी असताना. काकूंना आता दारात रांगोळी काढता येत नाही हे कळल्यावर मारीनं ट्रेमध्ये मक्याचं पीठ घेतलं आणि त्यावर रेघारेघांचं एक सुंदर चित्र काढलं. काकूंनी पडल्या पडल्या त्यात ठिपके घातले. हे काय म्हणून काकांनी विचारलं, तर ती सरळ म्हणाली, "देवांना बोलवायला काढतो आम्ही, मिस्टर. व्होडू. माय रिलिजन." काका वरवर 'इंटरेस्टिंग' म्हणाले, पण त्या दिवसापासून खोलीचं दार उघडं ठेवायला लागले.

आणि एका दुपारी काकू औषधाच्या गुंगीत झोपलेल्या असताना त्यांच्या डोक्याखालची उशी सारखी करताना काकांना खाली बाहुली सापडली. त्यांनी मला फोन केला. मी घरूनच काम करत होतो, तसाच गेलो. बाहुलीच्या अंगावर काकूंच्या हिरव्या साडीचा तुकडा होता. डोक्यावर काकूंचे केस होते, खरे. आणि पोटात, जिथे काकूंना दुखायचं बरोबर तिथेच, ओळीनं सात टाचण्या.  काका माझ्याकडे बघत होते. त्या वेळी मी 'छे, काहीतरीच काय' एवढं जरी म्हणालो असतो, तरी पुरलं असतं. मी म्हणालो, "रिस्क कशाला घ्यायची, काका?"

काकांनी मारीला खाली बोलावून बाहुली दाखवली आणि कामावरून जायला सांगितलं, तेव्हा ती रडली नाही, भांडली नाही. "मादामनं केलीय, माझ्या नातीसाठी," एवढं ती इंग्रजीत म्हणाली. "चारला उठतील त्या. प्लीज, आस्क हर." दोन वाजले होते. काका म्हणाले, आजाऱ्याला असलं काही विचारायचं नसतं. तिनं बूट घातले, एकदा जिन्याकडे वर बघितलं आणि गेली. तिचा बिनसाखरेचा चहा ओट्यावर तसाच राहिला. बाहुली मी प्लास्टिकच्या पिशवीत घालून, हात लांब धरून, कचऱ्याच्या मोठ्या डब्यात टाकली आणि घरी येऊन दोनदा साबणानं हात धुतले. मी कंप्युटर इंजिनियर आहे.

चारला काकू उठल्या. "बाई कुठाय?" तिला दुसरीकडे ड्यूटी लागली, असं काकांनी सांगितलं. "अगंबाई," काकू म्हणाल्या, "निऱ्या राहिल्या की." काकांना वाटलं, औषधाच्या गुंगीत बोलतेय. पुढे रोज त्या मारीबद्दल विचारायच्या, मग विचारेनाशा झाल्या. बाराव्या दिवशी गेल्या.

दिवसवार झाल्यावर काकूंचा शिवणाचा डबा उघडला, तर वर त्यांच्या अक्षरात चिठ्ठी. काकू सगळ्याच कामांच्या अशा याद्या करत. 'मारीच्या नातीची ठकी. अंबाडा झाला, माझेच केस वापरले. निऱ्या टाचणीवर धरल्यात, शिवताना मारीला दाखवणे.' काका ती चिठ्ठी घेऊन माझ्या दारात आले. मी वाचली. "जन्मभर लोकांची लिंबं पिळली रे मी," ते म्हणाले, "आणि शेवटी सिनेमात बघितलेल्या बाहुलीला घाबरलो."   त्या आठवड्यात त्यांनी लायब्ररीतून व्हूडूवरची दिसतील तेवढी पुस्तकं आणली आणि पहिली वाकडी बाहुली शिवायला घेतली. मारीला शोधायचं, बाहुली तिच्या हातात द्यायची आणि माफी मागायची, एवढं एकच काम त्यांनी स्वतःला नेमून घेतलं आहे.

प्रत्येक बाहुली निऱ्यांपाशी अडते. माझी बायको म्हणाली, "काका, यूट्यूबवर बघा ना, नऊवारीच्या निऱ्यांचे शंभर व्हिडिओ आहेत." काका म्हणाले, "शंभर आहेत गं. हिची पद्धत त्यात नाही." चाळीस वर्षं रोज बघितलेल्या बायकोच्या निऱ्या कुठल्या बाजूला वळायच्या, ते या माणसाला सांगता येत नव्हतं.

एजन्सीनं माहिती द्यायला नकार दिला, ते त्यांच्या नियमाला धरूनच होतं. मग एका शनिवारी मी काकांना तासाभरावरच्या एका गावात नेलं. तिथे हैतीच्या लोकांची वस्ती आहे. मेणबत्त्या, झाडपाला आणि संतांच्या तसबिरी विकणारं एक दुकान होतं, गल्ल्यावर एक जाडजूड बाई. काकांनी पिशवीतून बाहुली काढली मात्र, ती दोन पावलं मागे सरकली. "नो, मिस्टर. आमच्यात असलं नसतं. बाहेर न्या." दोन वर्षं जे वाक्य काका जगाला ऐकवत होते, ते त्यांना ऐकावं लागलं. त्यांनी खाली मान घालून सगळं सांगितलं, स्वतःला कुठेही सोडलं नाही. बाईनं ऐकून घेतलं आणि विचारलं, "कुठली मारी? इथे दर दुसरी बाई मारी आहे." काकांकडे फोटो नव्हता. तिचं आडनाव, गाव, नातीचं नाव, काही ठाऊक नव्हतं. "चहात साखर घेत नाही," ते म्हणाले. बाई हसली नाही. पुष्कळ जणी गेल्या, ती म्हणाली. कागदपत्रांची मुदत संपली. कुणी कॅनडाला, कुणी परत, कुणी कुठे ते विचारू नये. मग बाहुलीकडे बोट दाखवून म्हणाली, "टाचण्या काढून आणा. खिडकीत ठेवीन. इथे असली तर बघेल."

त्यांच्यात असं मानतात, की माणूस मेला की त्याचा जीव एक वर्ष आणि एक दिवस पाण्याखाली राहतो. मग घरचे लोक त्याला विधीनं वर बोलावतात आणि तो पाण्यातून बोलतो. काकूंचा तो दिवस कधीच होऊन गेला होता. तरी दुकानातून आल्यावर दुसऱ्या दिवशी सकाळी काकांनी मला हाक मारली. काकूंच्या पलंगाजवळ पाण्यानं भरलेला तांब्या होता आणि काका शेजारी खुर्चीत बाहुली घेऊन बसले होते. "मला माहितीय हे असं करत नाहीत," ते म्हणाले. "त्याला मंत्र लागतात, जाणतं माणूस लागतं. मी फक्त एवढंच विचारलं, निऱ्या डावीकडे का उजवीकडे." पाणी हलत नव्हतं. "त्या दोघींनाच माहीत होतं रे. एक गेली. एक मी घालवली."

"आपण घालवली, काका," मी म्हणालो.

त्यांनी सुई माझ्यापुढे धरली, कारण त्यांना ओवता येत नाही. मी दोरा ओवला, निऱ्या चिमटीत धरल्या, आणि त्यांनी एकेक टाचणी काढत, पुलाचं काम असल्यासारखे जाडजाड टाके घालत त्या शिवून टाकल्या. उजवीकडे वळवल्या. का, ते त्यांनाही सांगता आलं नसतं.

आता ती बाहुली त्या दुकानाच्या खिडकीत आहे, एका संताच्या तसबिरीला टेकून. महिन्यातून एकदा मी काकांना तिथे नेतो. बाई लांबूनच मान हलवते, की नाही आली. परतताना काका मला सांगतात, की निऱ्या उलट्याच असणार, त्यांची खात्री आहे. मारीनं एकदा जरी बघितलं तरी ती आत येऊन म्हणेल, अहो, मादामच्या निऱ्या अशा नव्हत्या. अजून तसं कुणी म्हणालेलं नाही. घरी आल्यावर ते नवी बाहुली घेतात आणि मी सुईत दोरा ओवून देतो.