आधी नख लाव, मग शेसाईल म्हण

स्मृतिलेख म्हटल्यावर तुम्ही आता चेहरा बारीक करून वाचायला बसला असाल. पहिल्या ओळीत हुंदका, दुसरीत 'काळाने घाला घातला', तिसरीत विझलेली पणती... तसलं इथे काही मिळणार नाही. मला जमत नाही म्हणून नव्हे. मी मिमिक्रीवाला माणूस आहे, सांगाल त्या वक्त्याचा सांगाल तसा हुंदका काढून दाखवीन. पण ओव्हाळ सरांसाठी काढणार नाही. त्यांना रडका आवाज आवडायचा नाही. म्हणायचे, "घसा साफ कर आणि बोल. फुलाला ऐकू गेलं पाहिजे."

बातमी आली तेव्हा मी उल्हासनगरच्या कॅम्प तीनमध्ये होतो. मी तिथे एका जीन्सच्या कारखान्यात सुपरवायझर आहे. कारखाना म्हणजे काय, दोन खोल्या, मशिनी आणि आवाज. फोन शेजारच्या कापडाच्या दुकानात. तिथले सिंधी शेठ कधी स्वतः उठून बोलवायला येत नाहीत, पोऱ्याला पाठवतात. त्या दिवशी स्वतः आले आणि दारातच थांबले. "अडे दिनेश, अंबरनाथ से फोन था. वो तुम्हारे फूलवाले सर..." मी कात्री खाली ठेवली. सरांना अख्खा बाजार फूलवाले सर म्हणायचा, आणि फूलवाले त्यांना बघितलं की हार झाकून ठेवायचे. ते का, हे सांगायला मला मागे जावं लागेल.

नव्वद साल यायचं होतं तेव्हाची गोष्ट. मी बदलापूरच्या हेंद्रेपाड्यातला, मराठी शाळेतून दहावी झालेला, आणि घरच्यांनी हौसेने सायन्सला घातलेला. उल्हासनगरच्या कॉलेजात पहिल्या दिवशी बायोलॉजीच्या तासाला बसलो आणि वाटलं, चुकून दुसऱ्या देशात उतरलो. सगळं इंग्रजी. फुलाचं वर्णन करायचं तर आधी दहा-बारा विशेषणं ओळीने म्हणायची, आरतीसारखी. त्यातलं एक विशेषण होतं सेसाइल. म्हणजे बिनदेठाचं. जे पान किंवा फूल देठ न घेता थेट फांदीवर बसतं, ते सेसाइल. एवढंच. पण पुस्तकात ते इतक्या अवघड इंग्रजीत लिहिलेलं की आम्ही मराठी शाळावाले शेवटच्या बाकावर नुसते एकमेकांची तोंडं बघायचो.

मग ओव्हाळ सर आले. अंबरनाथच्या बुवापाड्यातले, चाळीत वाढलेले, आवाज नाकातून आणि असा खणखणीत की खालच्या मजल्यावरच्या कॉमर्सवाल्यांचीही बॉटनी सुधारावी. ते सेसाइल म्हणायचे नाहीत. 'शेसाईल' म्हणायचे. स्टाफरूममध्ये त्यावर हसायचे लोक. एका मॅडमनी एकदा आमच्यासमोरच त्यांचा उच्चार सुधारला. सर म्हणाले, "मॅडम, रुईच्या पानाला मी शेसाईल म्हटलं म्हणून त्याने देठ काढला नाही. त्याला कळलं. तुम्हाला नसेल कळलं तर त्याला विचारा." आणि शेवटपर्यंत शेसाईलच म्हणाले. मीही इथून पुढे तेच लिहिणार आहे. कुणाला खटकत असेल तर खटकू दे.

शिकवायचे कसे, तर अंगाने. हात लांब करायचे. "हा दंड म्हणजे देठ, हा पंजा म्हणजे पान. दिसलं?" मग पंजा फाडकन स्वतःच्या खांद्यावर मारायचे. "आता देठ गेला, पान थेट खांद्यावर. शेसाईल!" रुईचं पान तसं, मारुतीच्या हारातलं. आघाड्याच्या तुऱ्यावरचं फूल तसं. पुस्तकात 'सबसेसाइल' असाही एक शब्द होता, जवळजवळ बिनदेठाचं. त्याची सर फार चेष्टा करायचे. "देठ आहे, पण सांगायला लाजतोय," म्हणायचे.

आणि नख. डाव्या अंगठ्याचं नख ते वाढवायचे, कायम हिरवट. कारण आमची चूकच तशी असायची. प्रॅक्टिकलला फूल आणा म्हटलं की आम्ही कॅम्प तीनच्या हारवाल्याकडून आणायचो. हारवाला देठ खुडून विकतो, हारात देठ कशाला हवा? मग आम्ही त्या जास्वंदीकडे बघून ऐटीत लिहायचो, शेसाईल. सर फूल उचलायचे, खाली नख फिरवायचे आणि फूल आमच्या नाकाला लावायचे. "हा बघ व्रण. इथे देठ होता. कुणीतरी तोडला. तोडलेला वेगळा आणि नसलेला वेगळा. डोळ्याला दोन्ही सारखेच दिसतात, फरक नखाला कळतो. आधी नख लाव, मग बोल!" मग तडक बाजारात जाऊन हारवाल्यांना झापायचे, पोरांना देठासकट फुलं का देत नाही म्हणून. आता कळलं ना, हार का झाकायचे ते.

मी त्यांची नक्कल करायचो, हे सांगायलाच नको. तास सुरू व्हायच्या आधी टेबलावर चढून, पंजा खांद्यावर मारून, नाकातून. एक दिवस वर्ग हसता हसता एकदम गप्प झाला. मागे वळलो तर सर दारात. मी उतरायला लागलो. "उतरू नको," सर म्हणाले. "अर्धवट सोडायचं नाही. जास्वंदीचं पूर्ण वर्णन कर. माझ्याच आवाजात." मी केलं. गंमत अशी झाली की सगळं आलं. जे इंग्रजी माझ्या तोंडात कधी बसलं नव्हतं, ते सरांच्या नाकातून धडाधड बाहेर पडलं. सर म्हणाले, "अरे, हा तर टेपरेकॉर्डर आहे." त्या दिवसापासून माझं नाव टेप. तास सुरू व्हायच्या आधी सर खुर्चीवर बसायचे आणि म्हणायचे, "टेप लावा रे." मी कालचा धडा त्यांच्या आवाजात म्हणायचो, ते चुका काढायचे. मागच्या बाकावरची पोरं पुढे सरकून बसायला लागली. अभ्यास होत होता की तमाशा, काय माहीत. पण होत होतं.

आता बारावीची प्रॅक्टिकल परीक्षा. बाहेरून परीक्षक आलेले, ते प्राण्यांचे तज्ज्ञ, सफारी घातलेले. शेजारी आमचे ओव्हाळ सर. तोंडी परीक्षेला माझा नंबर आला. माझी बारावी सुटणार की घरी बसणार, हे त्या टेबलावर ठरायचं होतं, कारण लेखीचा माझा मला काही भरवसा नव्हता. परीक्षकांनी लांब देठाचा झेंडू हातात दिला. "डिस्क्राइब." मी तोंड उघडलं... आणि काही येईना. माझ्या आवाजात एक शब्द येईना. परीक्षक घड्याळ बघायला लागले. मग माझं मलाच कळलं नाही, नाक चोंदल्यासारखं झालं आणि आतून सरच बोलायला लागले. "शेसाईल, सर!" पंजासकट. खांद्यावर. फाडकन.

परीक्षक दचकले. त्यांनी माझ्याकडे बघितलं, मग ओव्हाळ सरांकडे बघितलं. आवाज ओळखला त्यांनी. "शिक्षकांची टिंगल करतोस? आणि एवढा मोठा देठ हातात धरून शेसाईल?"

मला थांबायचं होतं हो. पण टेप लागली की लागली. सरांच्याच नाकातून बोललो, "झेंडू म्हणजे एक फूल नाही, सर. चाळ आहे. आतली एकेक पाकळी दिसते ते एकेक फूल, एकेक खोली. हा देठ म्हणजे चाळीचा जिना. जिना चाळीला आहे, खोलीला नाही. खोल्या शेसाईल!"

"गेट आउट," परीक्षक म्हणाले, आणि मार्कांच्या रकान्यात पेन टेकवलं.

तेव्हा ओव्हाळ सर बोलले. मोठ्याने नाही. ते हळू बोलले की आम्हाला जास्त भीती वाटायची. "साहेब, टिंगल नाही ती. माझा आवाज आहे, मी त्याला दिलाय. त्याच्याकडे इंग्रजीसाठी दुसरा आवाज नाही. उत्तर चूक असेल तर शून्य द्या. आवाजाला शून्य द्यायचं असेल तर ते मला द्या."

"तुम्ही सही करा, मिस्टर ओव्हाळ."

"आधी नख लावा," सर म्हणाले.

मी अजून शपथेवर सांगतो, सफारीवाल्या परीक्षकाला ते असं म्हणाले. आणि झेंडू उभा चिरून, सुई आणि भिंग त्यांच्यासमोर ठेवून, हाताची घडी घालून बसून राहिले. बाहेर पोरांची रांग, शिपाई चहा घेऊन आलेला, तो तसाच उभा. परीक्षक लालबुंद. खूप वेळाने त्यांनी भिंग उचललं, आत बघितलं, आणि रकान्यात काहीतरी लिहिलं. मी पास झालो. काठावर, पण झालो. सरांना मात्र पुढे बरीच वर्षं परीक्षेच्या कामाला कुणी बोलावलं नाही. उर्मट म्हणून वर कळवलं होतं. मी माफी मागायला बुवापाड्याला गेलो तर म्हणाले, "कशाबद्दल? सुट्टीत आता बारवी धरणाच्या डोंगरात जाता येईल. तू पण चल. आणि टेप, एक सांगून ठेवतो. लोक आपल्याला बघतात ना, त्यांना वाटतं, ह्यांचा देठ कुणीतरी खुडलाय, बिचारे. बिचारे-बिचारे काही नाही. आपण शेसाईल. मधे कुणी न घेता थेट बसलोय. बसणार."

शेवटचं भेटलो ते दवाखान्यात. आवाज गेला होता पार, मला वाकून ऐकावं लागलं. मला वाटलं काही शेवटचं-बिवटचं सांगतात. तर तक्रार. अंगठा वर करून दाखवला, नख साफ कापलेलं. "सिस्टरने कापलं. हत्यारच काढून घेतलं रे," म्हणाले. मग माझ्याकडे बघून बोट फिरवलं. टेप लावा. मी लावली. हळू आवाजात, जास्वंदीपासून. ते डोळे मिटून चुका शोधत होते. शेजारच्या पेशंटने विचारलं, "बाबा, कोण बोलतंय, तुम्ही की हा?" सर हसले... तेवढंच.

आणि मग सर गेल्यावर महिन्याभराने कॉलेजात शोकसभा. ज्यांनी त्यांच्या शेसाईलवर आयुष्यभर दात काढले, ते सगळे पहिल्या रांगेत. फोटोला झेंडूचा हार. एकामागून एक उठले. ओव्हाळ सर शांत होते. ओव्हाळ सर सोशिक होते. ओव्हाळ सर कधी कुणाला उलट शब्द बोलले नाहीत. मी बसल्या जागी उकळत होतो. अरे, कोणाबद्दल बोलताय? हा माणूस उलट शब्दांवरच जगला! शेवटी एक जण डोळे पुसत म्हणाला, "देठ खुडलेल्या फुलासारखे ते आपल्यातून..." आणि माझं नाक चोंदलं.

उठलो, थेट फोटोपाशी गेलो, हारातलं एक फूल ओढून काढलं आणि सरांच्या पूर्ण आवाजात ओरडलो, "कोण म्हणतं खुडलेलं? हे बघा, देठच नाही! शेसाईल!" पंजा खांद्यावर. फाडकन. मग मागच्या रांगेतली जुनी पोरं हसायला लागली, आणि हसता हसता रडायला लागली, आणि कुणीतरी ओरडलं, "टेप लावा रे!" पहिली रांग मागे वळून वळून बघत होती. त्यांनी नंतर मला बाजूला घेऊन काय काय सुनावलं ते सोडा. औचित्य, संस्कार, प्रसंग. मी सगळ्यांच्या नकला करून ठेवल्यात, पुढच्या गणपतीत करणार आहे.

खरी बोलणी खाल्ली ती बुवापाड्यात. दुसऱ्या दिवशी गेलो. सरांच्या बायकोला आम्ही सगळे काकी म्हणतो. सभेत काकी पहिल्या रांगेच्या टोकाला बसल्या होत्या, पदर तोंडाला लावून, हसत होत्या की रडत होत्या मला कळलं नव्हतं. घरात सरांची खुर्ची तिथेच, खिडकीत त्यांची कुंडी तिथेच. मी "जय भीम, काकी" म्हणून मान खाली घालून उभा राहिलो. म्हटलं, आता हारातलं फूल ओढल्याबद्दल बोलणार.

"जय भीम. बस," काकी म्हणाल्या. "आवाज बरोबर होता. मला वाटलं, आलेच. दचकून वर बघितलं मी." मग एकदम चढल्या. "पण नख कुठे होतं रे तुझं? नुसतं बघितलंस आणि ओरडलास! हारातला झेंडू तो. देठ हारवाल्याने खुडलेला. अख्ख्या झेंडूला शेसाईल म्हणालास! जिना कुणी तोडून नेला म्हणून चाळ काय पहिल्यापासून हवेत होती? आयुष्यभर ह्याच एका चुकीवर घसा फोडून गेला तो माणूस, आणि तू तीच चूक, भर सभेत, त्यांच्याच तोंडी घातलीस? बघून बोललास! मला काही सांगू नकोस, हसू नकोस, चहा घे आणि नीघ. आणि नख वाढव आधी, मग माझ्या नवऱ्याचा आवाज काढ!"