खाली-वर निखारे, मध्ये बदक

समस्त वाचकांस अत्यंत गांभीर्याने कळवण्यात येते की, ठाण्यास टेंभीजवळच्या आमच्या राहत्या घरात, दिवसाढवळ्या, माझ्या देवभोळ्या मातोश्रींच्या हातून एक बदक भाजले गेले. ज्यांची काळजे नाजूक असतील त्यांनी इथेच पान उलटावे. उरलेल्यांनी जवळ सरकावे.

आमच्याकडे मासे-मटण चाले, पण बदक कुणाच्या चुलीवर चढल्याचं मी ऐकलं नव्हतं. ते चढलं माझ्या बायकोच्या डोहाळ्यापायी. तिचं माहेर कल्याणचं. वडील रेल्वेत तारबाबू, आणि कुंपणापलीकडे एका गोऱ्या ड्रायव्हरचा बंगला. नाताळात तिथली मडम बदक भाजून त्यावर संत्र्याचा रस ओतायची. आमच्या कुटुंबाने, म्हणजे हिने, ते कधी चाखलं नव्हतं. लहानपणी कुंपणाला नाक लावून नुसता वास घेतला होता. आता तिसऱ्या खेपेच्या पाचव्या महिन्यात तिला तो वास हवा झाला.

हसू नका. आधीच्या दोन्ही खेपा पाचव्या महिन्यातच संपल्या होत्या. आईच्या मते पहिल्या वेळी सुनेला अवेळी कैऱ्या हव्या होत्या, त्या मिळाल्या नाहीत. दुसऱ्या वेळी ती लाजून काही बोललीच नाही. डोहाळा राहिला की मूल राहत नाही, यावर आईचा पक्का विश्वास. "हत्ती माग, तोही आणू," असं तिने सुनेला बजावलं होतं. त्या मानाने बदक म्हणजे स्वस्तात सुटका.

बाळकुमची एक कोळीण आम्हाला मासळी द्यायची. पौषातल्या एका सकाळी ती टोपलीत जिवंत बदक घेऊन परसात उभी राहिली. वारा अगदी पडला होता. बदक मान वर करून एकेकाच्या तोंडाकडे बघत होतं. आता मारायचं कुणी? बायको गर्भार असताना नवऱ्याने जीव घ्यायचा नसतो, म्हणून मी सुटलो. आई दोन पावलं मागे सरली.

कोळीण म्हणाली, "खावाचा तुमी, नि पाप माझे माथी? बरा हाय. आना इकरं."

तिने पदर खोचला आणि मान मुरगळली. टोपली उचलून ती निघून गेली.

पिसं काढून झाल्यावर आईने धुण्याच्या दगडावर बदकाचं पोट फाडलं, हात आत घातला आणि ती थांबली. आत पिवळ्या बलकांचा घोस होता. मोहरीएवढे, वाटाण्याएवढे, आवळ्याएवढे, आणि सगळ्यांच्या पुढे कवच धरलेलं एक पुरं अंडं. बदकी दुसऱ्या सकाळपर्यंत जगली असती तर घातलं असतं.

"अंड्यावर आली होती रे," आई पुटपुटली.

"टाकून देऊ या सगळंच," मी म्हणालो.

"आणि डोहाळा?"

लेकुरवाळीचं पोट फाडून गर्भारशीला वाढायचं, की डोहाळा अपुरा ठेवायचा? दोन्हीकडे खड्डा होता, आणि मधली वाट आईलाही दिसेना.

"सुनेच्या कानावर गेलं, तर मी तुझी आई नाही," असं म्हणून तिने तो घोस पेरूच्या बुंध्याशी पुरला. फांदीवर एक कावळा येऊन बसला. मग दुसरा आला. मग फांदी वाकली. त्यातला एकही ओरडेना.

दुपारी बदकाला आलं, लसूण, मिरी आणि मीठ चोळून आईने ते जाड पातेल्यात ठेवलं. खाली निखारे, वर परात, परातीतही निखारे. चरबी सुटू लागली, तशी आत कुणीतरी दबक्या आवाजात बोलत असल्यासारखी कुजबुज सुरू झाली. आई परातीकडे न बघता वारा घालत होती.

कृती आमच्यापैकी कुणालाच ठाऊक नव्हती. ती होती बायकोच्या नाकात, आणि बायको माजघरात, लोटलेल्या दाराआड पडून होती.

"अजून नाही," आतून आवाज यायचा.

आईने चरबी निथळून वेगळी केली. तळाशी उरलेल्या रसात संत्री पिळली.

"अजून नाही."

संत्र्याच्या सालीचे बारीक काप टाकले. नखभर गूळ टाकला. रस आटून काळपट झाला, त्याला बुडबुडे यायला लागले.

"हाच," दारामागून आवाज आला. इतका हळू, की तो माझ्या बायकोचा वाटेना. त्याच क्षणी परातीतला एक निखारा फुटला आणि आईच्या हातातला पंखा खाली पडला.

बायको पाटावर येऊन बसली. समोर ते बदक तांबडंकाळं होऊन, पाय वर करून, रसात बुडालेलं. आई भिंतीला टेकून उभी होती. तिचे ओठ हलत होते. देवाचं नाव घेत होती की त्या बदकाची माफी मागत होती, मला सांगता येणार नाही. पहिला घास गेला. मी बायकोच्या पोटाकडे बघत राहिलो. दुसरा गेला. तंगडी गेली. तिने हाड चोखून बाजूला ठेवलं आणि दुसरी तंगडी ओढून घेतली. घरात चोखण्याखेरीज आवाज नव्हता. पाठीची खरपूस कातडी संपली, तेव्हा आईने पहिल्यांदा श्वास सोडल्याचं मी ऐकलं.

मनगटावरून ओघळलेला रस बायकोने चाटून घेतला. मग माजघराच्या खिडकीतून दिसणाऱ्या पेरूकडे एकदा बघितलं, सासूकडे मान वळवली, आणि भरल्या तोंडाने म्हणाली,

"सासूबाई, ती अंडी पुरलीत कशाला? याच रसात सोडायची होती."